‘प्रसिद्ध करण्यात आले आहे’ असं लिहिणाऱ्या साहेबांना

प्रति,
मसुद्याखाली ‘प्रसिद्ध करण्यात आले आहे’ असा शेरा मारून फाइल बंद करणारे साहेब,
मुक्काम दिल्ली, मुंबई, रत्नागिरी आणि गावोगावच्या ग्रामपंचायती.

साहेब,

तुमचं नाव मला माहीत नाही. तुम्ही कधी स्वतः सही करता, कधी ‘करिता’ लिहून दुसऱ्याच्या पदावर करता, कधी नुसता गोल शिक्का मारता. पण तुमची भाषा मी ओळखतो. मी संगमेश्वर तालुक्यात आयुष्यभर शिक्षकी केली, आणि गावातल्या शिक्षकाकडे पोरांच्या वह्यांइतकेच सरकारी कागद येतात. “गुरुजी, ह्यात काय लिवलंय ता वाचा जरा,” असं म्हणत माणूस ओटीवर टेकतो. मी चष्मा लावतो आणि कागदाच्या तळाशी तुम्ही भेटता : ‘सदर मसुदा सर्व संबंधितांच्या माहितीकरिता प्रसिद्ध करण्यात आला आहे.’

सर्व संबंधित माझ्या ओटीवर बसलेले असतात. त्यांतल्या एकालाही तो मसुदा माहीत नसतो.

साहेब, ‘प्रसिद्ध’ या शब्दाचा अर्थ आमच्या पहिलीतल्या पोरालाही कळतो. गणपतीपुळ्याचा गणपती प्रसिद्ध आहे. रत्नागिरीचा हापूस प्रसिद्ध आहे. जे सगळ्यांना ठाऊक असतं ते प्रसिद्ध. जे कोणालाच ठाऊक नाही त्यालाही तुम्ही प्रसिद्ध म्हणता, आणि तुमच्या त्या एका शब्दावर कायदा पुढे सरकतो, मुदत संपते, हरकत घेण्याचा आमचा हक्क संपतो. हे पत्र त्या शब्दाबद्दल आहे. उघड लिहितो आहे, कारण बंद पाकिटातल्या अर्जाचं तुम्ही काय करता ते मी पाहिलेलं आहे.

२०२४चा पावसाळा घ्या. ३१ जुलैला केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने पश्चिम घाटातल्या पर्यावरणीयदृष्ट्या संवेदनशील क्षेत्राचा मसुदा राजपत्रात छापला. गावात त्याला सगळे ‘इको-सेन्सिटिव्ह’ म्हणतात. सहा राज्यांतलं ५६,८०० चौरस किलोमीटरांहून जास्त क्षेत्र त्यात आहे. महाराष्ट्राच्या वाट्याचं १७,३४० चौरस किलोमीटर. आमच्या जिल्ह्यात सह्याद्रीच्या अंगाला असलेल्या तालुक्यांतली गावंच्या गावं त्या यादीत आहेत. २०१४पासूनचा हा सहावा मसुदा. हरकती आणि सूचनांसाठी मुदत ६० दिवस. पाठवायचा पत्ता दिल्लीतलं जोरबाग रस्त्यावरचं इंदिरा पर्यावरण भवन, किंवा ईमेल. राजपत्राची भाषा हिंदी आणि इंग्रजी.

आता ते ६० दिवस आमच्या दिनदर्शिकेवर मांडून बघा. ऑगस्टमध्ये बेणणी, त्यातच श्रावण. ७ सप्टेंबरला गणपती, मागोमाग गौरी, अनंत चतुर्दशी संपते न संपते तोच पितृपक्ष. भात पोटरीत. वीज दिवसातून चार वेळा जाणार, मोबाइलला रेंज मिळवायला सड्यावर चढायचं. त्या दोन महिन्यांत आमच्या गावातल्या माणसाने दिल्लीचं राजपत्र शोधावं, इंग्रजी वाचावं, जोडपत्रातल्या शेकडो नावांतून आपलं गाव हुडकावं, आणि ईमेलने हरकत पाठवावी, अशी तुमची व्यवस्था होती. हरकती कमी आल्या तर तुम्ही लिहिणार : ‘विहित मुदतीत फारशा हरकती प्राप्त झाल्या नाहीत.’

एका गावातला सूचनाफलक मी डोळ्यांनी पाहिला तो सांगतो. गावाचं नाव सांगत नाही, कारण असा फलक कुठल्याही गावात सापडेल. लाकडी कपाट, पुढे काच, काचेला कुलूप. किल्ली शिपायाकडे, आणि शिपाई त्या दिवशी तालुक्याला गेलेला. आतून काचेवर ओल धरलेली, पाण्याचे ओघळ उतरलेले. खाली मसुद्याची छापील प्रत टाचणीने टोचलेली. दहा-बारा पानं एकावर एक, म्हणजे वाचता येत होतं ते फक्त पहिलं पान. पहिल्या पानावर मंत्रालयाचं नाव, कायद्याचं कलम आणि आधीच्या मसुद्यांच्या तारखा. गावांची यादी मागच्या पानांवर. मागची पानं काचेच्या आत, कुलपाच्या आत, टाचणीच्या खाली. माझ्याबरोबर शेजारच्या वाडीतल्या एक काकी होत्या, सत्तरीच्या, चौथी शिकलेल्या. त्यांनी काचेला कपाळ टेकवून बराच वेळ पाहिलं आणि विचारलं, “आपला गाव ह्यात हाय की नाय?” मला सांगता आलं नाही. पस्तीस वर्षं शिकवलेल्या माणसाला काचेबाहेर उभं राहून ते सांगता आलं नाही.

तुमच्या दप्तरात मात्र तो मसुदा त्या गावात प्रसिद्ध झालेला आहे.

त्याचा परिणाम काय झाला तेही ऐका. रिकाम्या जागेत पाणी शिरतं तशी अफवा शिरते. चहाच्या टपरीवर, एसटीत, गणपतीच्या आरतीनंतर एकच बोलणं : आता घर बांधता येणार नाही, गुरं सोडता येणार नाहीत, काजूचं झाड तोडलं तरी दंड, जमीन विकता येणार नाही, सरकार सातबारा गोठवणार. मी मसुदा मागवून घेतला आणि रात्री बसून वाचला. त्यात खाण, दगडखाण आणि वाळूउपसा यांवर बंदी होती. चालू खाणी पाच वर्षांच्या आत टप्प्याटप्प्याने बंद करायच्या होत्या. नवे औष्णिक वीज प्रकल्प नकोत, लाल, म्हणजे सर्वाधिक प्रदूषण करणाऱ्या, वर्गातले नवे कारखाने नकोत, २०,००० चौरस मीटर आणि त्यावरची मोठी बांधकामं नकोत असं होतं. राहत्या घराच्या दुरुस्तीला आणि वाढीला प्रचलित कायद्यात राहून आडकाठी नव्हती. काकींच्या गोठ्यावर त्यात एक अक्षरही नव्हतं.

म्हणजे ज्याचा धंदा जाणार होता त्याला मसुद्यातलं कलम न् कलम पाठ होतं, आणि ज्याच्या विहिरीचं पाणी त्या कलमांमुळे राहणार होतं तो त्यांनाच घाबरून मोर्चाला निघाला होता. मला स्वतःला तो मसुदा बराचसा पटलेला आहे. डोंगर पोखरला की २०२१च्या जुलैत चिपळूण कसं पुरात बुडालं आणि त्याच दिवसांत खेड तालुक्यातल्या पोसरेत दरड कशी आली, ते आम्ही विसरलेलो नाही. म्हणून तर माझा राग जास्त आहे. चांगल्या कायद्याचा गळा विरोधकांनी आवळायच्या आधी तुम्ही आवळला, आणि तो इंग्रजी राजपत्राने आवळला.

हे तुम्ही पहिल्यांदा केलेलं नाही. डॉ. माधव गाडगीळ यांच्या समितीने पश्चिम घाटाचा अहवाल ३१ ऑगस्ट २०११ रोजी दिला. रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या दोन जिल्ह्यांचा वेगळा विचार करायची जबाबदारी त्या समितीवर मुद्दाम टाकलेली होती. अहवाल आमच्याबद्दल होता. तो आमच्यापर्यंत यायला आधी माहिती अधिकाराखाली अर्ज करावा लागला, मग केंद्रीय माहिती आयोगाचा आदेश, मग दिल्ली उच्च न्यायालयाचा. मे २०१२मध्ये तो जाहीर झाला. तोवर नऊ महिने तो तुमच्या खणात होता. त्या समितीचं म्हणणं होतं की अहवाल स्थानिक भाषेत ग्रामसभांपुढे न्यावा आणि गावांनी ठरवावं. आजही आमच्या तालुक्यात दहा माणसांना विचारा : गाडगीळ समितीला दहाही जण शिव्या देतील किंवा दहाही जण डोक्यावर घेतील, पण तो अहवाल मराठीत वाचलेला त्यांत एकही निघणार नाही.

२०२०मध्ये तर तुम्ही टाळेबंदीचा मुहूर्त गाठलात. पर्यावरण परिणाम मूल्यमापनाचा नवा मसुदा मार्चच्या तारखेचा, राजपत्रात आला एप्रिलमध्ये. सगळा देश घरात कोंडलेला, टपाल रखडलेलं, एसटी बंद, आणि तुमचं घड्याळ चालू. ३० जूनला दिल्ली उच्च न्यायालयाने मुदत ११ ऑगस्टपर्यंत वाढवली आणि मसुदा आठव्या अनुसूचीतल्या २२ भाषांत द्यायला सांगितलं. मराठी त्या २२ भाषांत आहे, साहेब. तुम्ही भाषांतर करून देण्याऐवजी त्या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलात. मराठीत द्यायला लागू नये म्हणून वकील लावलेत. आमच्या करातून त्या वकिलांची फी गेली.

आणि माडबन. १६ मे २०१० रोजी जैतापूर अणुऊर्जा प्रकल्पाची जनसुनावणी तिथे झाली. माडबन, मिठगवाणे, करेल, निवेली या गावांची जमीन त्यात जाणार होती. संपूर्ण अहवाल मराठीत वेळेवर मिळाला नाही, ही तिथल्या गावकऱ्यांची उघड तक्रार होती. त्याच वर्षी नोव्हेंबरात प्रकल्पाला पर्यावरण मंजुरी मिळाली. प्रकल्पाच्या बाजूने असा की विरुद्ध असा, जमीन देणाऱ्या माणसाला त्याच्या भाषेत कागद मिळायला हवा होता, यावर दोन मतं कशी होऊ शकतात? केंद्राच्या २००६च्या पर्यावरण परिणाम मूल्यमापन अधिसूचनेत तर लिहिलेलं आहे की जिथे वर्तमानपत्र पोहोचत नाही तिथे दवंडी पिटावी. दवंडी! तुमच्याच कायद्यातला शब्द आहे तो. आमच्याकडे दवंडी पिटणारा माणूस ढोल वाजवत वाडीवाडीत जायचा, पाखाडीच्या खाली उभा राहून ओरडायचा, म्हातारा बाहेर आला नाही तर पुन्हा ओरडायचा. निरोप पोहोचला की नाही हे तो माणसाच्या तोंडाकडे बघून ठरवायचा. तुम्ही ते जावक क्रमांकाकडे बघून ठरवता.

तुम्ही म्हणाल, गुरुजी, या बारीकसारीक अधिसूचना आहेत, कशाला एवढं मनावर घेता. मग मोठ्याकडे येऊ. देशाच्या घटनेकडे येऊ.

भारतातल्या राज्यांना स्वतःची वेगळी घटना नाही. जम्मू-काश्मीरला होती, १९५७पासून २०१९पर्यंत, आणि तीही तिथलं विधिमंडळच बदलायचं. महाराष्ट्राचा मतदार जगतो तो देशाच्या घटनेखाली. ती बदलायची कशी ते कलम ३६८ सांगतं : संसदेच्या दोन्ही सभागृहांत विशेष बहुमत, आणि काही बाबतींत निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची संमती. मतदाराला विचारण्याची पायरी त्यात नाही. ते घटनाकारांनी विचार करून ठरवलं आणि मला ते मान्य आहे. आपण माणसं निवडून देतो ती त्याचसाठी. पण विचारायचं नाही म्हणजे कळवायचंही नाही, असं कलम ३६८मध्ये कुठे लिहिलेलं आहे ते मला दाखवा.

जुन्या राजापूर लोकसभा मतदारसंघाने या विषयातली दोन्ही टोकं पाहिलेली आहेत. १९६७मध्ये गोलकनाथ निकालानंतर संसदेला मूलभूत हक्कांचं प्रकरण बदलता येतं की नाही असा प्रश्न उभा राहिला. तेव्हा तो अधिकार संसदेला आहे असं स्पष्ट करणारं खासगी विधेयक लोकसभेत मांडलं ते तिथल्या खासदारांनी, बॅरिस्टर नाथ पै यांनी. कायदेपंडितांत त्यावर दोन तट पडले, विधेयक संयुक्त समितीकडे गेलं, वर्तमानपत्रांतून त्याचा कीस पडला. ते मंजूर झालं नाही, पण त्याचा गाभा १९७१च्या २४व्या घटनादुरुस्तीत आला, नाथ पै गेल्यानंतर काही महिन्यांनी. त्यांच्या मताशी तेव्हाही अनेकांचं जुळलं नव्हतं. पण वाद उघड्यावर झाला.

दुसरं टोक १९७६चं. ४२वी घटनादुरुस्ती. सरनाम्यापासून न्यायालयांच्या अधिकारांपर्यंत, नागरिकांच्या कर्तव्यांपासून लोकसभेच्या मुदतीपर्यंत सगळ्याला तिने हात घातला. आणीबाणी चालू होती. वर्तमानपत्रांवर सेन्सॉर बसलेला होता. राजापूरचे खासदार प्रा. मधु दंडवते यांना आणीबाणी लागताच पकडून तुरुंगात टाकलेलं होतं. घटना एवढी बदलत असताना या जिल्ह्याच्या मतदाराला ते सांगणार कोण होतं? छापील शब्द तपासून सुटणार, बोलणारा गजाआड, उरला आकाशवाणीवरचा सरकारी आवाज. १९७७च्या मार्चमध्ये निवडणूक झाली तेव्हा मतदाराने काय उत्तर दिलं ते तुम्हाला ठाऊक आहे. दंडवते निवडून आले आणि पुढच्या वर्षी ४४व्या दुरुस्तीने त्यातलं बरंच काही पुसलं गेलं.

आज सेन्सॉर नाही. तरी जीएसटीची घटनादुरुस्ती घ्या. २९ ऑगस्ट २०१६ रोजी महाराष्ट्र विधिमंडळाने विशेष अधिवेशनात तिला संमती दिली. राज्यांचे कर बसवायचे अधिकारच बदलत होते. त्या संमतीचा एक पानी मराठी खुलासा आमच्या बाजारपेठेतल्या किराणावाल्याला कोणी दिला? त्याला दुरुस्ती कळली ती १ जुलै २०१७नंतर, सीएने फी सांगितली तेव्हा.

तुमचं नेहमीचं उत्तर मला पाठ आहे : ‘लोकांना यातलं काही कळत नाही.’ साहेब, गोव्यात जा. इथून सकाळची गाडी पकडलीत तर दुपारी पोचाल. १६ जानेवारी १९६७ रोजी तिथे जनमत कौल झाला. गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की केंद्रशासित ठेवायचा, एवढा एकच प्रश्न. विलीनीकरणाला फूल, वेगळं राहायला दोन पानं. कौल निःपक्ष व्हावा म्हणून भाऊसाहेब बांदोडकरांचं सरकार आधी पायउतार झालं. ‘गोमंतक’ एका बाजूने लिहीत होता, ‘राष्ट्रमत’ दुसऱ्या बाजूने, दोन्ही मराठीत. अक्षरशत्रू असलेल्या शेतकऱ्यालाही फुलावर मारलं तर काय होईल आणि दोन पानांवर मारलं तर काय होईल हे ठाऊक होतं. १,३८,१७० मतं फुलाला पडली आणि १,७२,१९१ दोन पानांना. मी महाराष्ट्राचा माणूस, मला फूल जिंकलेलं आवडलं असतं. पण त्या मतदाराला प्रश्न कळलेला नव्हता असं मी कधीही म्हणणार नाही. प्रश्न पोहोचवला की कळतो.

परदेशातल्या गोष्टी सांगायची मला हौस नाही, पण एक-दोन सांगतो, कारण तुम्ही अभ्यासदौऱ्यावर जाता. अमेरिकेत प्रत्येक राज्याची स्वतःची घटना आहे आणि जवळजवळ सगळ्या राज्यांत ती बदलायला मतदाराचा होकार लागतो. कॅलिफोर्नियात मतदानाआधी सरकारी पुस्तिका टपालाने मतदाराच्या घरी येते. तीत दुरुस्तीचा सारांश असतो, खर्चाचा हिशेब असतो, बाजूचं म्हणणं, विरुद्ध बाजूचं म्हणणं आणि शेवटी पूर्ण मजकूर. फ्लोरिडात नागरिकांनी सुचवलेल्या दुरुस्तीचा मतपत्रिकेवरचा सारांश ७५ शब्दांत बसवावा लागतो, ७६वा शब्द चालत नाही. स्वित्झर्लंडमध्ये मतदानाच्या तीन-चार आठवडे आधी लाल पुस्तिका घरात येते, मतदाराच्या भाषेत. तिथेही गोंधळ होतात, भाषेचे डावपेच होतात, पैसा ओतला जातो. पण कागद घरात येतो. काचेच्या कपाटात जात नाही.

आणि परदेशात कशाला जा? १८३२च्या ६ जानेवारीला ‘दर्पण’ हे वर्तमानपत्र निघालं. काढणारे बाळशास्त्री जांभेकर पोंभुर्ल्याचे, आमच्या जुन्या रत्नागिरी जिल्ह्यातले. एका स्तंभात इंग्रजी, शेजारच्या स्तंभात मराठी. विशीतल्या एका कोकणी तरुणाला शिळाछापाच्या काळात जे जमलं, ते संगणक आणि भाषांतर विभाग हाताशी असून तुम्हाला जमत नाही, हे मी कसं मानू? तुम्हाला जमतं. तुम्ही करत नाही.

बाबासाहेबांचं मूळ गाव आंबडवे, मंडणगड तालुका, हाच जिल्हा. घटनेचा मसुदा त्यांच्या समितीने फेब्रुवारी १९४८मध्ये दिला. नोव्हेंबरात घटना समितीपुढे तो मांडताना त्यांनी सांगितलं की मसुदा आठ महिने लोकांपुढे आहे. नुकतीच फाळणी झालेला देश, निर्वासितांचे लोंढे, कागदाची टंचाई, बहुसंख्य जनता निरक्षर. तरी आठ महिने. लोकांनी, संस्थांनी सूचना पाठवल्या, समितीने त्या विचारात घेतल्या. तुम्ही आम्हाला ६० दिवस देता, कधी ३०, आणि तेही दुसऱ्याच्या भाषेत.

पुन्हा म्हणाल, यंत्रणा नाही. यंत्रणा आहे, साहेब. घरपट्टीचं बिल माझ्या पडवीत येतं. विजेचं बिल येतं, एक महिना चुकत नाही. निवडणूक आली की मतदार चिठ्ठी घेऊन बीएलओ, म्हणजे मतदान केंद्रस्तरीय अधिकारी, पाखाडी चढून येतात, नदीपलीकडच्या वाडीतही जातात. मुंबईच्या चाकरमान्यापर्यंत प्रत्येक पक्षाचा वचननामा पोहोचतो, मतदानाला आणायला गाड्या येतात. आमच्याकडून घ्यायचं असतं तेव्हा तुम्हाला आमचं घर सापडतं. सांगायचं असतं तेव्हा सापडत नाही.

ग्रामसभेचंच बघा. १९९२च्या ७३व्या घटनादुरुस्तीने ग्रामसभेला घटनेत जागा दिली. गावातल्या मतदाराला घटनेने थेट दिलेली ही एकमेव बैठक. सात दिवस आधी नोटीस, दवंडी, हे नियम आहेत. मतदारांपैकी १५ टक्के किंवा १०० जण, यातली जी संख्या कमी, तेवढी गणपूर्ती लागते. नोटीस काचेत राहते, दवंडी होत नाही, गणपूर्ती होत नाही, सभा तहकूब होते. तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही. मग दहा-बारा जण बसतात आणि ‘सर्वानुमते ठराव मंजूर’ असं प्रोसिडिंगमध्ये लिहिलं जातं. नोटीस न पोहोचवण्याचा फायदा कोणाला होतो हे समजायला आणखी काही सांगायची गरज आहे का?

मी तुमच्याकडे दया मागत नाही, नवा कायदाही मागत नाही. केंद्राचं २०१४चं विधिपूर्व सल्लामसलतीचं धोरण आहे. कायद्याचा मसुदा किमान ३० दिवस लोकांपुढे ठेवावा आणि सोबत सोप्या भाषेत टिपण द्यावं, असं त्यातच म्हटलेलं आहे. मराठीला राज्याची राजभाषा करणारा महाराष्ट्राचा राजभाषा अधिनियम १९६४चा आहे. तुमच्याच कपाटातले कागद आहेत हे. त्यांना धरून एवढंच करा : ज्या गावाचं नाव मसुद्यात आहे त्या गावातल्या प्रत्येक घरात एक पान मराठीत द्या. तुमचं गाव यादीत आहे, हे बंद होणार, हे चालू राहणार, हरकत या पत्त्यावर या तारखेपर्यंत, आणि ती हरकत मराठीत लिहिलेली चालेल. तलाठी, ग्रामसेवक, बीएलओ, आशाताई, कोणीही ते वाटू शकतं. मुदत मोजायची ती राजपत्राच्या तारखेपासून नको, ते पान शेवटच्या घरात पोहोचल्याच्या सहीपासून मोजा. घटनादुरुस्तीला विधिमंडळ संमती देणार असेल तर तिचं असंच एक पान काढा आणि आमदारांनी ते ग्रामसभेत वाचून दाखवावं. आणि सूचनाफलकाचं कुलूप आजच्या आज काढा, त्याला ना आदेश लागतो ना निधी.

वाचकहो, हे पत्र साहेब वाचतील की नाही मला माहीत नाही. तुम्ही मात्र आपल्या ग्रामपंचायतीत जा. फलकावर काय लागलं आहे ते मागच्या पानापर्यंत वाचायला मागा, प्रत मागा, इंग्रजी असेल तर मराठी मागा, आणि न दिल्यास तेवढाच ठराव पुढच्या ग्रामसभेत मांडा. १०० जण घेऊन जा, म्हणजे सभा तहकूब करता येणार नाही.

साहेब, उत्तराची वाट पाहतो. माझा पत्ता मतदार यादीत आहे, आणि ती यादी तुमच्याकडे आहे.

आपला,
संगमेश्वर तालुक्यातला एक मतदार